माझ्या वाक्यातली ‘शक्यता’ कापू नका : वादळांचे माहितीपट करणाऱ्यांना खुलं पत्र

वादळांवर माहितीपट करणारे निर्माते, दिग्दर्शक, संकलक आणि निवेदन लिहिणारी मंडळी यांस,

स. न. वि. वि.

मी हवामान खात्यातून निवृत्त झालेला माणूस. पुण्यात शिवाजीनगरच्या ज्या इमारतीला लोक अजूनही सिमला ऑफिस म्हणतात (१९२८ साली खात्याचं मुख्यालय सिमल्याहून इथे आलं, तेव्हापासून हे नाव चिकटलंय), तिथे आणि कुलाब्याच्या वेधशाळेत मिळून चौतीस वर्षं काढली. नोकरीत होतो तोवर कॅमेऱ्यासमोर बोलायला परवानगी लागायची. आता लागत नाही. त्यामुळे गेल्या काही वर्षांत चार माहितीपटांत मी आहे. पाहिलं नसेल तर तुमची चूक नाही, चारही मिळून माझी हजेरी पाच मिनिटांची भरत नाही. खाली पट्टीवर ‘हवामानतज्ज्ञ’, मागे पुस्तकांचं कपाट आणि हातात विनाकारण पेन, तो मीच.

शेवटचा माहितीपट निसर्ग चक्रीवादळावरचा होता. तुमच्यासारखीच पाच मंडळी घरी आली. आवाज येतो म्हणून पंखा बंद, फ्रिज बंद, कुकरची शिट्टी नको म्हणून बायकोचा स्वयंपाकही बंद. ऐन एप्रिलात तीन तास बोललो. मुलं चांगली होती, जाताना चहाचे कप स्वतः विसळून ठेवले. चार महिन्यांनी माहितीपट आला. सून फोनवर म्हणाली, “बाबा, छान दिसलात. पण खात्याचा अंदाज चुकला असं तुम्ही म्हणालात?”

मी तसं म्हणालो नव्हतो. माझं वाक्य होतं, “वादळ अलिबागच्या जवळपास येईल असा अंदाज होता, पण हरिहरेश्वर ते दमण या पट्ट्यात कुठेही किनारा ओलांडण्याची शक्यता आहे, असं पत्रकात स्पष्ट लिहिलेलं होतं.” पडद्यावर आलं ते इतकंच : “वादळ अलिबागच्या जवळपास येईल असा अंदाज होता.” पुढे काळा पडदा, ढोल, आणि निवेदकाचा खर्जातला आवाज : “पण निसर्गाने सगळ्यांचे अंदाज चुकवले!”

हे पत्र त्या कापलेल्या अर्ध्या वाक्यासाठी आहे.

३ जून २०२० ला दुपारी साडेबारा ते अडीचच्या दरम्यान निसर्ग रायगडच्या किनाऱ्यावर आलं ते अलिबागच्या दक्षिणेला, श्रीवर्धन-दिवेआगरच्या बाजूला. नकाशा काढून बघा. हरिहरेश्वर श्रीवर्धनच्या थोडंसं खाली आहे. म्हणजे वादळ सांगितलेल्या पट्ट्यातच आलं, फक्त पट्ट्याच्या दक्षिण टोकाला. अलिबागपासून श्रीवर्धन सरळ रेषेत सत्तर किलोमीटरच्या आसपास. आणि त्या काळात आपल्याकडच्या चोवीस तास आधीच्या अंदाजात वादळाच्या केंद्राची जागा सरासरी पाऊणशे ते ऐंशी किलोमीटरनी इकडेतिकडे होत असे. मी नोकरीला लागलो तेव्हा एवढी चूक झाली असती तर आम्ही पेढे वाटले असते.

पण पट्टा पडद्यावर दाखवायला कंटाळवाणा. ठिपका दाखवायला सोपा. तुमच्या ग्राफिकवाल्याने अलिबागवर लाल ठिपका ठेवला, त्याच्याभोवती भोवरा फिरवला आणि पुढची चार मिनिटं मुंबईच्या उंच इमारतींवर काढली. त्या दिवशी बातम्यांमध्येही हेच चाललं होतं, हे मान्य. सगळ्यांचे कॅमेरे गेटवेकडे. माझी आतेबहीण दिवेआगरला असते. दोन तारखेला संध्याकाळी फोन केला तर म्हणाली, “अरे, ते मुंबईला चाललंय. आमच्याकडे नुसता पाऊस.” तिला मी पट्टा समजावून सांगितला, तेव्हा गप्प झाली आणि मग म्हणाली, “मग टीव्हीवर का नाही सांगत?” प्रशासनाने किनाऱ्यावरची हजारो माणसं हलवली होती, त्यांना श्रेय द्यायलाच हवं. पण वाडीतल्या घरात बसून टीव्ही बघणाऱ्या बाईला स्वतःचं गाव त्या पट्ट्यात आहे हे कळलं नव्हतं. ‘शक्यता’ हा शब्द तज्ज्ञाने अंग झटकायला वापरलेला शब्द नाही. कौलांवर दोर टाकायचा की नाही, गाय सोडायची की बांधायची, हे ठरवायला दिवेआगरच्या माणसाला तोच शब्द लागतो.

तौक्तेचं उदाहरण घ्या. मे २०२१. त्याचा डोळा, म्हणजे वादळाच्या मधोमध असतो तो शांत भाग, महाराष्ट्राच्या जमिनीवर आलाच नाही, किनाऱ्याला समांतर वर जाऊन १७ तारखेला रात्री दीवजवळ गुजरातेत शिरला. ठिपक्याच्या हिशेबाने महाराष्ट्र सुटला. प्रत्यक्षात कोकणातल्या आंब्याच्या बागा झोपल्या आणि मुंबईजवळच्या समुद्रातल्या तेलक्षेत्रात पी-३०५ नावाचा तराफा बुडाला. त्यावर २६१ माणसं होती, त्यातली सत्तरहून अधिक गेली. वादळ शेकडो किलोमीटर पसरलेलं असतं. डोळा कुठून गेला याला सिनेमात महत्त्व.

आता चित्रांबद्दल. माझ्या बोलण्याच्या वर तुम्ही जे दृश्य टाकलंत त्यात सपाट गवताळ माळ, ढगातून लोंबणारी काळी सोंड आणि उडणारे पत्रे होते. तो अमेरिकेतला टोर्नेडो होता. माझ्या आवाजात ‘अरबी समुद्रावरचा कमी दाबाचा पट्टा’ आणि समोर ओक्लाहोमाचं शेत. एका शेजाऱ्यांनी मला जिन्यात अडवून विचारलं, “साहेब, ती सोंड श्रीवर्धनला आली होती?”

नव्हती आली. टोर्नेडो जमिनीवर, एका प्रचंड गडगडाटी ढगाच्या पोटातून उतरतो. रुंदी बहुतेक वेळा काही शे मीटर, आयुष्य काही मिनिटांचं, फार तर तासाभराचं. चक्रीवादळ समुद्रावर जन्मतं आणि दिवसेंदिवस जगतं. पाणी वरच्या काही दहा मीटरपर्यंत साडेसव्वीस-सत्तावीस अंशांपेक्षा गरम असावं लागतं. त्याची वाफ वर जाते, थंड होऊन तिचं पुन्हा पाणी होतं आणि होताना ती उष्णता सोडते. किती? पातेल्यातलं लिटरभर पाणी उकळी आल्यापासून पार आटेपर्यंत गॅस जेवढी उष्णता देतो, साधारण तेवढी प्रत्येक लिटर पावसामागे. निसर्गसारख्या वादळात असे किती लिटर पडतात याचा तुम्हीच विचार करा. जमिनीवर आलं की खालचं गरम पाणी सुटतं, शेगडी विझते आणि वादळ मरायला लागतं. भर पावसाळ्यात, जुलै-ऑगस्टमध्ये, अरबी समुद्रात चक्रीवादळं जवळपास होत नाहीत याचं मुख्य कारण पाणी गार हे नाही. खाली पश्चिमेचे जोरदार वारे आणि वर पूर्वेचे, या ओढाताणीत ढगांची उतरंड सरळ उभीच राहत नाही. म्हणून आपली वादळं मान्सूनच्या अलीकडे आणि पलीकडे येतात. हे मी कॅमेऱ्यासमोर मुठीवर मूठ ठेवून दाखवलं होतं. तेही गेलं.

आणि मुख्य म्हणजे, खाली उभ्या असलेल्या माणसाला चक्रीवादळ फिरताना दिसत नाही. ते फिरताना दिसतं उपग्रहाला आणि रडारला. श्रीवर्धनच्या माणसाला दिसतो तो आडवा पाऊस, आणि जाणवतं ते एवढंच की वाऱ्याने दिशा बदलली.

हे मला पडद्यावर आणायचं होतं आणि त्यासाठी माझ्याकडे सोंडेपेक्षा चांगलं चित्र होतं. जूनच्या अखेरीस टाळेबंदीतला प्रवासाचा पास काढून मी दिवेआगरला गेलो तेव्हा आतेबहिणीच्या वाडीत पाय ठेवायला जागा नव्हती. पोफळी आडव्या. काही मुळासकट, बऱ्याचशा कंबरेत मोडलेल्या. श्रीवर्धनी रोठा सुपारीची ती वाडी, तिच्या सासऱ्यांनी लावलेली. मी सवयीने होकायंत्र काढलं. (हसू नका, फोनमध्येही असतं.) खालच्या थरातल्या पोफळींचे शेंडे वायव्येकडे होते. त्यांच्यावर पडलेल्यांचे बरोबर उलट, आग्नेयेकडे. म्हणजे आधी वारा आग्नेयेकडून आला आणि त्याने एक रांग पाडली. मग तो थांबला. मग वायव्येकडून, समुद्रावरून आला आणि उरलेल्या पाडल्या. आपल्या गोलार्धात वादळातला वारा घड्याळाच्या काट्यांच्या उलट फिरतो. डोळा डोक्यावरून गेला की नेमकं असंच व्हायला हवं. सबंध वादळ त्या वाडीत जमिनीवर लिहून ठेवलेलं होतं.

मधला तो थांबण्याचा वेळ ताईने सांगितला. “एकदम शांत. पाखरू बोलायला लागलं. मी चहा टाकला, हे पत्रे गोळा करायला बाहेर निघाले.” तिने नवऱ्याला आत ओढलं ते मी आदल्या संध्याकाळी फोनवर सांगितलं होतं म्हणून : वारा एकदम थांबला तर वादळ संपलं असं समजू नका, डोळ्यात आहात, दुसरा वारा उलट्या बाजूने येईल. चहा गाळेपर्यंत तो आला. गोठ्याचं उरलेलं छप्पर त्याने नेलं.

फोनमधले फोटो मी तुमच्या मुलांना दाखवले. त्यातला एकजण म्हणाला, “सर, फोटो पोर्ट्रेट मोडमध्ये आहेत, स्क्रीनवर काळ्या पट्ट्या येतील.” मग ओक्लाहोमा आलं.

दुसरा प्रसंग तुमच्याच चित्रीकरणातला आहे. मला घेऊन तुम्ही किनाऱ्यावर गेलात आणि जाळं विणत बसलेल्या एका म्हाताऱ्या कोळीबाबांना विचारलंत, “लाटा किती मोठ्या होत्या?” त्यांनी हातातली गाठ पूर्ण केली आणि म्हणाले, “तिथी त्रयोदशी. पाऊणपट कर. पावणेदहा. भरती येऊन गेलेली. हे भरतीला आलं असतं तर आज इथे बसलो नसतो.” तुम्ही कॅमेरा फिरवलात, कारण बाबा कॅमेऱ्याकडे बघून बोलत नव्हते.

त्या चार-पाच वाक्यांत माझं अर्धं भाषण होतं. किनाऱ्यावर तिथीच्या पाऊणपटीने भरतीची वेळ काढतात, आणि ती सुमाराने बरोबर येते. वटपौर्णिमा दोन दिवसांवर होती, म्हणजे दिवस उधाणाचे. वादळाचा वारा समुद्राचं पाणी किनाऱ्यावर लोटतो, कमी दाबाने पाणी थोडं फुगतं, आणि ही वाढ नेहमीच्या भरतीच्या वर बसते. निसर्गच्या वेळी रायगड-मुंबईकडे एक ते दोन मीटर वाढीचा इशारा होता. त्यात उधाणाची भरती मिळवा. वादळ आलं तेव्हा पाणी ओहोटीला लागलेलं होतं, म्हणून बरंच निभावलं. शिवाय डोळ्याच्या उत्तरेला, अलिबाग-मुंबईच्या बाजूला, वारा आधी जमिनीवरून समुद्राकडे वाहत होता. समुद्रावरून जमिनीवर येणारा वारा डोळ्याच्या दक्षिणेला होता. मुंबईला पाणी का नाही आलं, याचं उत्तर यात आहे. ‘मुंबादेवीची कृपा’ असं तुमच्या निवेदनात आलं. तिची कृपा असेलच, माझा त्याला विरोध नाही.

पाण्यावर मी एवढा अडतो याला कारण आहे. तुमचे सगळे माहितीपट वाऱ्याच्या वेगाने सुरू होतात आणि वाऱ्याच्याच वेगाने संपतात. बंगालच्या उपसागरात १२ नोव्हेंबर १९७० ला जे वादळ तेव्हाच्या पूर्व पाकिस्तानात गेलं, त्यात तीन लाखांहून जास्त माणसं मेली असं मानतात. ती प्रामुख्याने पाण्याने मेली. ओडिशात २९ ऑक्टोबर १९९९ ला सुमारे दहा हजार माणसं गेली, तिथेही पारादीपच्या बाजूला समुद्र पाच-सहा मीटर उंच होऊन आत आला होता. आणि त्याच ओडिशात १२ ऑक्टोबर २०१३ ला फायलिन आलं, गोपाळपूरजवळ, जवळपास तितकंच भयंकर दिसणारं. त्याआधी सुमारे दहा लाख माणसं हलवली गेली. मृत्यू चाळीस-पन्नासच्या घरात. फायलिनवर सिनेमा करा म्हटलं तर तुमच्यातले एक गृहस्थ मला म्हणाले होते, “त्यात काही घडलंच नाही हो.”

वाऱ्याच्या आकड्यांचंही एक सांगतो आणि सोडतो. निसर्गचा वारा ताशी ११० ते १२० किलोमीटर होता. तुमच्या लेखकाने अमेरिकन संकेतस्थळावरून मोठा आकडा उचलला आणि ‘सरकारी आकड्यापेक्षा जास्त’ असं लिहिलं, जणू खात्याने काही लपवलं. आपण तीन मिनिटांच्या वाऱ्याची सरासरी काढतो, अमेरिका एका मिनिटाची. कमी वेळाची सरासरी मोठीच येणार. आणि वेग दुप्पट झाला की वाऱ्याचा रेटा चौपट होतो, हे सांगितलं असतं तर एकशे वीसचा आकडाही पुरेसा घाबरवणारा होता.

‘शंभर वर्षांत पहिल्यांदाच’ हे पालुपद तर कृपा करून थांबवा. नोव्हेंबर २००९ मध्ये फयान अलिबाग आणि मुंबईच्या मधूनच किनाऱ्यावर चढलं होतं. त्या वेळी समुद्रात गेलेले कोकणातले खलाशी परत आले नाहीत, त्यांच्या घरी हे वाक्य ऐकू जातं.

आता तो प्रश्न, जो तुम्ही चारही वेळा शेवटी विचारलात : “सर, एका वाक्यात सांगा, हे तापमानवाढीमुळे झालं ना?” मी एका वाक्यात सांगत नाही म्हणून तुम्हाला मी जुनाट वाटतो. माझं उत्तर असं होतं : अरबी समुद्र तापतोय, यात वाद नाही. १९८२ ते २००० या काळाच्या तुलनेत २००१ ते २०१९ मध्ये तिथली चक्रीवादळं सुमारे ५२ टक्क्यांनी वाढली, असं पुण्याच्या उष्णकटिबंधीय हवामान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी दाखवलंय. गरम पाण्यावर वादळ जोर धरण्याची शक्यता वाढते. पण निसर्ग हे एक विशिष्ट वादळ केवळ त्यामुळेच आलं, असं मी म्हणू शकत नाही. यातलं “अरबी समुद्र तापतोय” आणि “त्यामुळेच आलं” हे दोन तुकडे तुम्ही चिकटवलेत. मधला भाग गेला. सांधा ऐकू येतो हो, माझा श्वास मध्येच तुटलाय.

तुमच्यातल्या एका तरुण दिग्दर्शकाने मला अमेरिकेतल्या वादळामागे धावणाऱ्या मंडळींचे भाग पाठवले, “असं एनर्जेटिक बोला सर” म्हणून. पाहिले. त्यात टिम समारास होते. टोर्नेडोच्या वाटेवर उपकरण ठेवायचं आणि बाजूला व्हायचं, हे त्यांचं काम. २४ जून २००३ ला साउथ डकोटात त्यांच्या उपकरणाने टोर्नेडोच्या पोटात हवेचा दाब १०० मिलिबारनी उतरलेला टिपला. आयुष्यभर बॅरोग्राफ (हवेच्या दाबाची रेघ कागदावर ओढणारं यंत्र) बघितलेल्या माणसाला विचारा याचा अर्थ. ३१ मे २०१३ ला ओक्लाहोमात एल रिनोजवळचा टोर्नेडो अचानक वळला, चार किलोमीटरहून रुंद झाला आणि त्यात समारास, त्यांचा मुलगा पॉल आणि सहकारी कार्ल यंग तिघेही गेले. ते सावध काम करणारे म्हणून ओळखले जायचे. वादळ कुठे वळेल हे त्या क्षणी त्यांनाही नेमकं कळलं नाही. तुमच्या दिग्दर्शकाला मी हे लिहून पाठवलं. त्याचं उत्तर अंगठ्याचं चित्र आलं.

माझं मागणं फार नाही. मला दोनच मिनिटं द्या, पण सलग द्या. माझं वाक्य जिथे संपतं तिथे कापा, ‘पण’च्या आधी नको. कापायचंच असेल तर पूर्ण काढा, त्याचा राग येणार नाही. निवेदन लिहून झालं की एकदा मला पाठवा. मी भाषा सुधारणार नाही, आकडेच बघीन. आणि ठिपक्याऐवजी पट्टा काढा. तो बघायला रटाळ वाटला तर त्या पट्ट्यातल्या गावांची नावं एकेक करून मोठ्याने वाचा. मुरुड, दिवेआगर, श्रीवर्धन, हरिहरेश्वर. आपल्या गावाचं नाव आलं की माणूस हातातलं काम टाकून बघतो, त्याला ढोल लागत नाही.

पुढच्या महिन्यात तुमच्यापैकी कुणी पुन्हा येणार असल्याचा फोन होता. घरी येऊ नका. दिवेआगरलाच जाऊ. ताईने वाडी परत लावलीय, नव्या पोफळी आता डोक्याच्या वर गेल्यात, फळ अजून पुरतं धरलेलं नाही. पडलेल्यांपैकी एक खोड तिने पाटावर साकव म्हणून टाकलंय, जपून पाय ठेवा, एका टोकाला कुजलंय. माझे फोटो तिच्याकडेही आहेत. कुठली पोफळ आधी पडली आणि कुठली चहानंतर, ते आधी तिला विचारा. मी तिच्या शेजारी बसतो.

आपला,
एक निवृत्त हवामानशास्त्रज्ञ
पुणे